किती मजले शिल्लक?

दमणूक मोजायचं त्यांचं एकक मजला हे होतं. कोणी बाहेरून घरात आलं की ते विचारायचे, "किती मजले शिल्लक?" म्हणजे या क्षणी समोर जिना आला, तर तुम्ही आणखी किती मजले चढाल. उत्तर विचार करून द्यावं लागे. "असतील दोन-तीन" असं मोघम बोललेलं त्यांना चालत नसे.

"दोन का तीन? मधात एक अख्खा मजला आहे, रिपोर्टर."

मी रिपोर्टर नव्हते. पुण्यातल्या एका दैनिकात उपसंपादक होते; दुसऱ्यांनी लिहिलेलं कापणं हे माझं काम. तसं मी त्यांना सांगितलं होतं. त्यांच्या मते वर्तमानपत्रात दोनच जातीची माणसं असतात, रिपोर्टर आणि मशीनवाले, आणि माझ्या हाताला शाई लागलेली नव्हती.

कॅनडात, सस्काटूनमधल्या त्यांच्या घराच्या बेसमेंटमध्ये मी २०१६ ते २०१८ या काळात भाड्याने राहिले. दिवसा कॉलेज आणि ते सुटल्यावर ग्रोसरीच्या दुकानात उभ्याचं काम. परत आले की ते दारात असायचे.

"किती मजले?"

"उणे एक," मी म्हणायचे. मी राहायलाच उणे एकवर होते. हा विनोद त्यांना पहिल्यांदा आवडला. नंतर ते उत्तर बाद ठरवून प्रश्न पुन्हा विचारू लागले.

गावातली मराठी माणसं त्यांना फांदीकाका म्हणत. ते मूळचे चंद्रपूरचे. आधी तिकडे कोळशाच्या खाणीत, मग इकडे येऊन पोटॅशच्या खाणीत हवा खेळती ठेवणारे इंजिनिअर म्हणून निवृत्त झालेले. खाणीतले बोगदे सरळ आणि भिंती सपाट असतात. आपली सगळी नोकरी अशा भिंतींकडे पाहण्यात गेली, आणि तिथेच आपल्याला गोष्ट समजली, असं ते सांगत. खाली पाळी करणारा माणूस ज्या प्रमाणात दमतो त्या प्रमाणात तेवढंच काम वर झाडाखाली करणारा दमत नाही. हवा सारखी ठेवली, उजेड सारखा ठेवला तरी नाही. मग फरक कशात आहे? त्यांच्या मते फांदीत.

फांदी मोडून जमिनीत खोचली तर ती लहानसं झाड दिसते. तिची डहाळी मोडून खोचली तर तेही झाडच. नदी आणि तिच्या उपनद्या, खिडकीच्या काचेवर गोठलेली वाफ, फुप्फुसातल्या नळ्या, नेच्याचं पान, वीज, सगळीकडे तुकडा हा पूर्णासारखा. शास्त्रात याला फ्रॅक्टल म्हणतात. काका सरसकट फांदी म्हणत, ढगालासुद्धा. माणसाचा डोळा अशा नक्षीवरून फिरण्यासाठी घडला आहे, तिच्यावरून तो कष्टाशिवाय फिरतो. डोळा दमला नाही की डोकं दमत नाही, आणि डोकं दमलं नाही की पाय चालतात. उलट सरळ भिंत आणि सरळ रस्ता समोर असला की डोळ्याला धरायला काही मिळत नाही. "माणूस पायानं नाही दमत, डोळ्यानं दमते," हे त्यांचं वाक्य मी दोन वर्षं ऐकलं.

यात किती तथ्य होतं ते मला सांगता येणार नाही. अशा नक्ष्या पाहिल्यावर मनावरचा ताण उतरतो, असं म्हणणारे संशोधक आहेत. तिथून पुढे मजल्यांपर्यंतचा प्रवास काकांनी एकट्याने केला होता.

त्यासाठी त्यांनी निवडलेला प्रांत चुकीचा होता. सस्कॅचेवान हा बहुतेक सपाट आहे. कुत्रं पळून गेलं तरी तीन दिवस दिसत राहतं, असा इथला जुना विनोद आहे. काका तो विनोद म्हणून सांगत नसत. "आणि त्या कुत्र्याकडे पाहणारा माणूस किती दमला असेल, ते कोणी विचारते का?" असं ते पुढे जोडत. मात्र जुन्या वस्तीतल्या रस्त्यांना दोन्ही बाजूंनी एल्मची उंच झाडं होती, त्यांच्या फांद्या रस्त्यावर वरती एकमेकींत गेलेल्या. त्या झाडांसाठीच त्यांनी ते घर घेतलं होतं. ड्राइव्हवे वाकडा, बेसमेंटमध्ये वसंतात ओल येते, हे सगळं काकूंना घर घेतल्यावर समजलं.

काकू पुण्याच्या. बुटक्या, नीटनेटक्या, कमी शब्दांच्या. काका व्याख्यान देत असताना त्या सहसा दुसरं काहीतरी निवडत असायच्या.

एका वर्षी मराठी मंडळाच्या दिवाळीच्या कार्यक्रमात काकांना दहा मिनिटं बोलायला दिली. ते फ्लॉवरचा गड्डा घेऊन व्यासपीठावर गेले. एक तुरा मोडून दाखवला, म्हणाले, हा छोटा गड्डा. त्याचा तुरा मोडला, हा त्याहून छोटा. असं करत शेवटी त्यांच्या बोटांच्या चिमटीत काहीच दिसेना, तरी ते ती चिमूट उंच धरून उभे होते. मागून कोणीतरी म्हणालं, "काका, भाजीला तिखट जरा बेतानं." सभागृह हसलं. काका थांबले, हसू संपू दिलं आणि राहिलेलं बोलले. घरी आल्यावर काकूंनी त्या सगळ्या तुऱ्यांची भाजी केली. ती खाताना काका म्हणाले, "यात काहून वाटाणे टाकले? वाटाण्यात काहीच नाही. गोल आहे फक्त."

भाडेकरूंना नियम होते. बेसमेंटच्या खिडकीवर आतून बर्फाची नक्षी जमली तर ती खरवडायची नाही. "वाचून झाल्याशिवाय पुसू नको." ग्रोसरीला जाताना मोठ्या रस्त्याने जायचं नाही, एल्मखालून जायचं, अंतर जास्त पडलं तरी. दोन्ही वाटांनी एकेकदा चालून मजले सांगायचे, ही भाडेकरू म्हणून आमची अलिखित जबाबदारी होती. मी खरं सांगायचे. कधी एल्मखालून जास्त मजले भरत, कधी मोठ्या रस्त्याने. विरुद्ध आकडा आला की ते विचारत, आज झोप कमी झाली का, आईचा फोन आला होता का, बूट नवे आहेत का. अनुकूल आकडा आला की काहीच विचारत नसत. हे मी एकदा त्यांना दाखवून दिलं. "बरोबर आहे," म्हणाले. त्यानंतर ते अनुकूल आकड्यानंतरही बूट नवे आहेत का असं विचारू लागले.

त्यांचं वैर मॉलशी होतं. थंडीत इथे बरीच म्हातारी माणसं सकाळी मॉलमध्ये चालायला जातात. दुकानांची शटरं खाली असतात, मधले रुंद पॅसेज रिकामे असतात, आत उबदार असतं. पांढऱ्या बुटांतल्या जोड्या गोल फेऱ्या मारतात आणि मग कॉफी घेत बसतात. काकू आठवड्यातून तीनदा जात. तिथे त्यांना दोन मैत्रिणी होत्या, एक गुजराती, एक युक्रेनियन वंशाची. काका त्यांना गाडीने सोडत आणि स्वतः पार्किंगमध्ये इंजिन चालू ठेवून बसून राहत. आत पाय ठेवत नसत.

"खाण आहे ती," ते म्हणत. "दुकानं लावलेली खाण."

"खाणीत बसायला बाकडी होती का?" काकू विचारत.

आजार दुसऱ्या वर्षीच्या पानगळीत दिसला. तो आधी काकूंना दिसला. दोघं बाहेरून येत होते, मी पायऱ्यांवरची पानं झाडत होते. काकू थांबल्या आणि म्हणाल्या, "अहो, डावा हात गाडीत विसरलात का?" चालताना त्यांचा डावा हात हलत नव्हता. अंगाला चिकटून नुसता सोबत येत होता. काकांनी हाताकडे पाहिलं. मग मुद्दाम हलवून दाखवला. पुढच्या चार पावलांत तो पुन्हा स्थिर झाला.

डॉक्टरांनी पार्किन्सन्स सांगितला. औषधं सुरू झाली. हात थरथरणं फारसं नव्हतं. त्यांचे पाय चिकटायचे. दारातून जाताना, वळताना, कधी काही कारण नसताना मधेच पाय जमिनीला खिळायचे. वरचं शरीर पुढे जायला निघालेलं आणि पाय तिथेच. अशा वेळी ते खाली पाहत, खाणीत एखादं यंत्र बंद पडल्यावर पाहत असतील तसे. रागाने नाही, कुठे अडलंय ते शोधत.

घरी फिजिओथेरपिस्ट येऊ लागली. तरुण मुलगी होती, कामाला चोख. तिने दुसऱ्या भेटीत पांढऱ्या टेपचं रीळ काढलं आणि बेडरूमपासून किचनपर्यंत जमिनीवर आडव्या पट्ट्या चिकटवल्या. एका पावलाच्या अंतरावर एक, सरळ, समांतर. ती म्हणाली की असे पाय अडले की मेंदूला समोर काहीतरी ओलांडायला दिलं तर पाय सुटतात. प्रत्येक पट्टी ओलांडा.

काका बेडरूमच्या दारात उभे होते. त्यांनी त्या पट्ट्यांकडे पाहिलं, काकूंकडे पाहिलं, मग पाय उचलला. किचनपर्यंत गेले, वळले, परत आले. एकदाही अडकले नाहीत. कित्येक आठवड्यांत ते तसे चालले नव्हते.

"ग्रेट जॉब, सर," ती मुलगी म्हणाली.

काका मराठीत म्हणाले, "हिला सांगा, ही रेल्वे लाइन आहे. माणसाचा रस्ता नाही."

"पोचलात ना पण," काकू म्हणाल्या.

त्या मुलीने काकूंना आणखी एक गोष्ट शिकवली. बाहेर, जिथे पट्ट्या नाहीत तिथे, सोबतच्या माणसाने आपलं पाऊल त्यांच्या पावलासमोर आडवं ठेवायचं. तेच त्यांनी ओलांडायचं. काकूंनी लगेच पाऊल ठेवून दाखवलं. काकांनी नकारार्थी मान हलवली. माणसाला ओलांडायचं नसतं. लहानपणी आपल्याकडे प्रत्येक घरात हे सांगितलेलं असतं, ओलांडलं की त्या माणसाची उंची खुंटते, आणि चुकून ओलांडलंच तर लगेच उलटं ओलांडून ते फेडायचं. सगळं आयुष्य प्रयोगाच्या गोष्टी करणारा हा माणूस या बाबतीत ठाम होता. "ते नाही होणार," ते म्हणाले, आणि फिजिओथेरपिस्टला त्याचं इंग्रजीत काय सांगावं ते आम्हा कोणालाच सुचलं नाही.

थंडी पडली. फुटपाथवर बर्फ आला आणि त्यांचं बाहेर जाणं थांबलं. तेव्हा काकूंनी त्यांना मॉलमध्ये नेलं. त्यांना आता गाडी चालवता येत नव्हती, म्हणून या वेळी पार्किंगमध्ये थांबायची सबबही नव्हती. मीच गाडी नेली होती. मॉलची फरशी मोठ्या चौकोनी लाद्यांची होती, लाद्यांच्या मधे काळ्या रेघा. काका त्या रेघा ओलांडत चालले. एक फेरी, दुसरी फेरी. काकू मागे पडल्या. बाकावर बसलेल्या त्यांच्या युक्रेनियन मैत्रिणीने टाळ्या वाजवल्या.

घरी आल्यावर ते कोट न काढता खुर्चीत बसून राहिले. त्या दिवशी प्रश्न मी विचारला.

"काका, किती मजले शिल्लक?"

ते खोटं बोलू शकत नव्हते. "चार," म्हणाले. मग म्हणाले, "हे छापू नको."

त्यांची एकुलती मुलगी टोरांटोजवळ मार्कहॅमला होती, सॉफ्टवेअरमध्ये. दर रविवारी तिचा फोन स्पीकरवर लागायचा. ती इंग्रजीत बोलायची, मधे मधे मराठी. तिचं म्हणणं सरळ होतं. तिच्या इमारतीतच एक कॉन्डो, म्हणजे फ्लॅट, विकायला येणार होता. हे घर जुनं, पायऱ्यांचं, बर्फाचं. बाबा आतच बसून राहिले तर सहा महिन्यांत चालणं विसरतील. तिथे लिफ्ट आहे, आतून जोडलेला मॉल आहे, ती स्वतः दोन मजले वर आहे.

"बाबा, बी रिझनेबल. यू कान्ट इव्हन गो टू द कॉर्नर."

"जाऊन राहिलो ना मी."

"इन द मॉल."

शेवटी तिने एक अट घातली. ईस्टरच्या सुट्टीत ती येईल. बाबांनी तिच्यासमोर घरापासून रस्त्याच्या कोपऱ्यापर्यंत आणि परत, बाहेरून, चालून दाखवावं. जमलं तर ती घराबद्दल बोलणार नाही. नाही जमलं तर घर उन्हाळ्यात विकायला काढायचं. काका म्हणाले, डन. काकू तेव्हा वाटाणे सोलत होत्या. त्यांना कोणी विचारलं नाही आणि त्यांनी काही सांगितलं नाही. फोन ठेवल्यावर मी त्यांना एवढंच विचारलं, त्यांना काय हवंय.

"मला लिफ्ट चालेल गं," त्या म्हणाल्या. "पण त्यांना ही झाडं लागतात. आणि मला ते लागतात."

जानेवारीतल्या एका स्वच्छ दुपारी काकांनी बाहेर जायचं ठरवलं. उणे पंचवीस असावं. हवा कोरडी, आकाश निळं, सूर्य खाली. मी आणि काकू दोन्ही बाजूंनी. फुटपाथवरचा बर्फ तुडवून घट्ट आणि पांढरा झालेला, आणि त्याच्यावर एल्मच्या फांद्यांच्या सावल्या पडलेल्या, एकात एक गेलेल्या. काकांनी त्या सावल्यांवर नजर टाकली आणि चालायला लागले. अडखळले नाहीत. माझा हातही सोडला.

"पाहून राहिली का, रिपोर्टर? फांदी. टेप नाही, लादी नाही. फांदी!"

मी काकूंकडे पाहिलं. काकू त्यांच्या पायांकडे पाहत होत्या. बर्फावर पडलेल्या सावल्यांतल्या आडव्या रेघा तेवढ्या ते बरोबर ओलांडत होते. टेपच्या पट्ट्या ओलांडायचे तशाच. सावली फांदीची होती आणि रेघही होती; त्यांचे पाय कशावर चालले होते ते त्यांचं त्यांना माहीत. काकू म्हणाल्या, "हो, फांदी आहे. आडवी पडलेली." काकांनी ते ऐकलं नाही, किंवा ऐकून सोडून दिलं.

कोपरा जवळ आला असताना ढग आला. एकच होता, पण मोठा. फुटपाथ एका क्षणात सगळा सारख्या रंगाचा झाला, रेघ नाही, नक्षी नाही, आणि काका जागच्या जागी थांबले. शरीर पुढे झुकलं. काकूंनी कोटाला धरलं.

आम्ही वाट पाहिली. त्या थंडीत उभं राहणं म्हणजे काय ते इथे राहिलेल्यांना सांगायला नको. पापण्या आधी चिकटतात, मग बोटं बधिर होऊ लागतात. ढग हलत नव्हता. मी बाजूच्या अंगणातून वाळक्या काटक्या आणून समोर टाकल्या. त्या पांढऱ्यावर नीट दिसत होत्या, पण काकांचा पाय पहिल्या काटकीवर पडला, ती घसरली, आणि ते पुन्हा खिळले. मी म्हणाले, मी गाडी आणते. इंजिन गोठू नये म्हणून लावलेला गाडीचा विजेचा प्लग काढून, काचा साफ करून ती आणेपर्यंत बराच वेळ गेला असता, हे आम्हा तिघांनाही ठाऊक होतं. त्यांचे ओठ पांढरे पडले होते.

काकूंनी वळसा घालून आपला बूट त्यांच्या बुटासमोर आडवा ठेवला.

"ओलांडा."

"नाही."

"अहो, ओलांडा म्हणते ना."

"माणसाला ओलांडत नाहीत."

"उंची खुंटते म्हणूनच ना? माझी आता काय खुंटायची राहिली आहे?"

काकांनी त्यांच्याकडे खाली पाहिलं. मग पाय उचलला आणि तो त्यांच्या बुटावरून पलीकडे ठेवला. पाय सुटले. चार-पाच पावलं गेले आणि पुन्हा अडले. काकू पुढे झाल्या, बूट ठेवला. असं करत आम्ही वळलो आणि घराकडे आलो. त्यांच्या बुटाचा काकूंच्या बुटाला धक्का लागला की त्यांचा उजवा हात आपोआप छातीशी जायचा, पाय लागल्यावर आपला जातो तसा, आणि त्यात त्यांचा तोल जायचा. "नमस्कार घरी करा," काकू म्हणाल्या. "आधी चला." घर येईपर्यंत ढग सरला नाही.

दारात पोचल्यावर, श्वास जागेवर आल्यावर, काका म्हणाले, "आता हे सगळं उलटं ओलांडायला पाहिजे."

"उन्हाळ्यात," काकू म्हणाल्या आणि त्यांनी किल्ली फिरवली.

त्यानंतर ते रोज जाऊ लागले. ऊन असो, नसो. खिडकीतून मला त्यांचे बूटच दिसत. बेसमेंटची खिडकी फुटपाथच्या पातळीला होती. मोठा काळा बूट, त्याच्यापुढे आडवा होणारा छोटा तपकिरी बूट, मोठा पलीकडे, छोटा पुन्हा पुढे. काकूंना कडेने, अर्धवट मागे वळत चालावं लागायचं. त्यांनी मॉलला जाणं बंद केलं. दोन्ही होत नव्हतं. मैत्रिणींचे फोन आले, मग तेही कमी झाले.

ईस्टरला मुलगी आली. बर्फ वितळला होता, फुटपाथ ओला, करडा, आकाश ढगाळ. एल्मला अजून पालवी नव्हती. मुलगी घराच्या पायऱ्यांवर कोट गुंडाळून उभी राहिली. मी तिच्या शेजारी. काका आणि काकू कोपऱ्यापर्यंत गेले आणि परत आले. वेळ लागला, पण ते पडले नाहीत की कुठे फार अडले नाहीत.

मुलगी म्हणाली, "बट दॅट्स नॉट ऑन हिज ओन, आई."

काकू पायऱ्यांच्या कठड्याला धरून उभ्या होत्या. "लग्न झाल्यापासून ते स्वतःचे स्वतः कुठे गेलेत?"

मुलगी हसली. मग तिने नाक पुसलं आणि म्हणाली, ठीक आहे, डील इज अ डील, घराबद्दल मी बोलत नाही. काकांनी तिच्याशी हात मिळवला. त्यांचा चेहरा अलीकडे फारसा हलत नसे, पण आनंद झाल्याचं कळत होतं. आत आल्यावर ते खुर्चीत बसले आणि आपलं काम सुरू केलं.

"किती मजले?" त्यांनी मुलीला विचारलं.

"बाबा, मी नुसती उभी होते."

"तेच विचारून राहिलो. उभ्यानं किती गेले?"

ती म्हणाली, पाच आहेत. मी म्हणाले, तीन. त्यांनी तीन का, असं विचारलं नाही. ते काकूंकडे पाहत होते. काकू आत येऊन जिन्याच्या खालच्या पायरीवर बसल्या होत्या. एक बूट काढलेला, दुसरा अर्धा, आणि दोन्ही हातांनी डावी पोटरी दाबत होत्या.

या घरात आलेल्या प्रत्येकाला त्यांनी तो प्रश्न विचारला होता. भाडेकरूंना, पोस्टमनला, फिजिओथेरपिस्टला, बॉयलर दुरुस्त करायला आलेल्या माणसाला. काकूंना विचारलेला मी कधी ऐकला नव्हता.

"तुझे किती?" ते म्हणाले.

काकूंनी पोटरी दाबणं थांबवलं नाही. विचार करून उत्तर द्यावं लागतं हे त्यांना आमच्याहून जास्त माहीत होतं. "एकही नाही," त्या म्हणाल्या.

"आज?"

"संक्रांतीपासून."

झोप कमी झाली का, बूट नवे आहेत का, काही विचारलं नाही. खिडकीबाहेर एल्मच्या फांद्या होत्या, त्यांच्याकडे ते बराच वेळ पाहत होते. मुलीने चहा आणून ठेवला, तो निवला.

"तुझ्या त्या कॉन्डोला," ते शेवटी मुलीला म्हणाले, "लिफ्ट किती मजल्यापर्यंत जाते?"

"सगळ्या मजल्यांपर्यंत, बाबा."

"मग पाहा."

काकूंनी मान वर केली. "अहो, तुम्ही जिंकलात की."

"आकडा आला ना," काका म्हणाले. "विरुद्ध आला."

घर जुलैत गेलं. जमिनीवरचा टेप मी काढला. खालच्या लाकडावर फिकट पट्ट्या राहिल्या त्या राहिल्याच. एल्मना तेव्हा पूर्ण पानं होती. निघायच्या सकाळी टॅक्सी ड्राइव्हवेमध्ये उभी होती, मुलगी बॅगा ठेवत होती. काका उंबऱ्याशी आले आणि पाय खिळले. दारात ते नेहमीच व्हायचं. काकूंनी सवयीने पुढे होऊन बूट आडवा ठेवला.

"नाही," काका म्हणाले. "तू माझा ओलांड."

"आता काय मधेच?"

"उलटं ओलांडायचं राहिलं ना. हिवाळाभराचं आहे, माझ्याच्यानं तेवढं होत नाही. तू एकदा ओलांड, फिटलं."

"असा नियम नाहीये."

"आहे. आत्ता केला."

त्यांनी चौकट धरली. डावा पाय उचलत नव्हता, तो जमिनीवरून हळूहळू सरकवत त्यांनी तो काकूंच्या समोर आडवा आणला. त्याला वेळ लागला. काकूंनी एका हाताने साडीच्या निऱ्या थोड्या वर घेतल्या, दुसऱ्या हाताने माझा खांदा धरला आणि तो बूट ओलांडून बाहेर गेल्या. मग वळल्या, आपला पाय ठेवला, आणि काका त्यांच्यामागून उंबऱ्याबाहेर आले.

टॅक्सीवाला हॉर्न न वाजवता थांबला होता. दोघं मागच्या सीटवर बसल्यावर काकांनी पुढे वाकून त्याला विचारलं, सकाळपासून गाडी चालवतोस, किती मजले शिल्लक आहेत.